सुमित्रा भावे : समाजशास्त्रातून पटकथेकडे

सुमित्रा भावे पहिला चित्रपट करायला उभ्या राहिल्या तेव्हा त्यांनी चाळिशी ओलांडली होती. चित्रपटाचे रीतसर शिक्षण त्यांनी घेतले नव्हते, कुणा दिग्दर्शकाच्या हाताखाली उमेदवारीही केली नव्हती. तोवर त्यांची ओळख होती ती समाजकार्य शिकवणाऱ्या प्राध्यापक आणि संशोधक अशी. पुढच्या पस्तीस वर्षांत त्यांनी पंधराच्या आसपास चित्रपट आणि पन्नासहून अधिक लघुपट केले. या चित्रपटांचे लेखन जवळजवळ सगळीकडे त्यांचे स्वतःचेच होते, आणि अनेक चित्रपटांचे कलादिग्दर्शन व वेशभूषाही. मराठीत लेखक-दिग्दर्शकांची परंपरा जुनी आहे. भालजी पेंढारकर, आचार्य अत्रे, दिनकर द. पाटील अशी नावे चटकन आठवतात. ही मंडळी नाटक, पत्रकारिता किंवा स्टुडिओ या वाटांनी चित्रपटात आली. भावे आल्या त्या वस्तीतल्या बायकांच्या मुलाखती घेता घेता. त्यांच्या पटकथांचे वेगळेपण या वाटेतच आहे.

त्यांचा जन्म १२ जानेवारी १९४३ रोजी पुण्यात झाला. माहेरचे आडनाव उमराणी. फर्ग्युसन महाविद्यालयातून पदवी घेतल्यावर पुणे विद्यापीठातून राज्यशास्त्र आणि समाजशास्त्र या विषयांत त्यांनी एम. ए. केले. नंतर मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत ग्रामीण कल्याण हा विषय त्या शिकल्या. काही काळ दिल्लीत आकाशवाणीवर मराठी बातम्या वाचण्याचे कामही त्यांनी केले. पुढे पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत सुमारे दहा वर्षे अध्यापन आणि त्याला जोडून सामाजिक संस्थांमधून प्रत्यक्ष काम, असा त्यांचा दिनक्रम होता. समाजकार्याच्या विद्यार्थ्याला पहिला धडा मिळतो तो समोरच्याचे बोलणे न तोडता ऐकण्याचा, आणि नोंद करताना त्याचे शब्द शक्यतो न बदलण्याचा. चित्रपटाच्या कोणत्याही अभ्यासक्रमात हा धडा इतक्या ठळकपणे नसतो. भाव्यांना तो आधी मिळाला.

ऐंशीच्या दशकाच्या पूर्वार्धात ‘स्त्रीवाणी’ या प्रकल्पात त्या काम करू लागल्या. दलित, कष्टकरी, बहुतांशी निरक्षर स्त्रिया स्वतःकडे कशा पाहतात, हा अभ्यासाचा विषय होता. अशा अभ्यासात सहसा प्रश्नावली असते. ‘हो’ किंवा ‘नाही’वर खूण करायची आणि पुढच्या घरी जायचे. इथे तसे नव्हते. बाईला तिच्या शब्दांत, तिला हवे तितके बोलू द्यायचे, अशी पद्धत होती. त्यातून हाती आली ती आकडेवारी नव्हती, आयुष्याच्या सलग कहाण्या होत्या. यांतल्या आठ स्त्रियांची आत्मकथने १९८८ मध्ये ‘पॅन ऑन फायर’ या इंग्रजी पुस्तकात प्रसिद्ध झाली. भाषांतर गौरी देशपांडे यांनी केले होते.

पण पुस्तकाने एक प्रश्न सुटत नव्हता. ज्या बायकांनी हे सांगितले, त्यांना ते वाचता येणार नव्हते. संशोधनाचा अहवाल विद्यापीठाच्या कपाटात जाणार आणि ज्यांच्याबद्दल तो लिहिला त्यांच्या हाती काहीच लागणार नाही, ही गोष्ट भाव्यांना खटकत होती. ज्यांचे आहे त्यांच्याकडे ते परत न्यायचे तर अक्षराखेरीज दुसरे माध्यम हवे होते. चित्रपटाचा विचार इथून सुरू झाला. कलेची हौस म्हणून नव्हे, संशोधनाचा पुढचा टप्पा म्हणून त्यांनी कॅमेरा हाती घेतला.

झोपडपट्टीत राहून संसार ओढणाऱ्या एका बाईवरचा ‘बाई’ हा लघुपट १९८५ मध्ये तयार झाला. कुटुंबकल्याणाच्या विषयावरील उत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. लघुपटाच्या तुकडीत नाटकात काम करणारा एक तरुण साहाय्यक म्हणून आला होता. त्याचे नाव सुनील सुकथनकर. पुढे त्यांनी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दिग्दर्शनाचे शिक्षण घेतले आणि भाव्यांबरोबरचे काम चालूच ठेवले. ‘भावे-सुकथनकर’ ही जोडी तेव्हापासूनची. कामाची ढोबळ विभागणी अशी, की कथा, पटकथा, संवाद भाव्यांचे, गीते बहुधा सुकथनकरांची आणि दिग्दर्शन दोघांचे. वयात वीस वर्षांहून जास्त अंतर असलेल्या, एकमेकांच्या नात्यातल्या नसलेल्या दोन माणसांनी साडेतीन दशके एकत्र दिग्दर्शन करावे, हे भारतीय चित्रपटात दुर्मीळच. ‘विचित्र निर्मिती’ ही त्यांची संस्थाही याच सुरुवातीच्या काळातली.

‘बाई’नंतर १९८७ मध्ये ‘पाणी’ आला. टंचाईच्या गावात पाण्यासाठी धडपडणाऱ्या बायका हा त्याचा विषय. यालाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. डोक्यावरचा हंडा हे मराठी माणसाला इतके सवयीचे दृश्य आहे, की ते डोळ्यांना दिसेनासे होते. जपानचे पटकथाकार-दिग्दर्शक कानेतो शिंदो यांनी १९६० साली ‘नग्न बेट’ या चित्रपटात हेच ओझे उचलले होते. उजाड बेटावर शेती करणारे नवरा-बायको होडीतून पाणी आणतात, कावडीने टेकडी चढतात आणि रोपांच्या मुळाशी ते घालतात. चित्रपटात संवाद जवळजवळ नाहीतच. शिंदो हेही मुळात लेखक. इतरांसाठी त्यांनी दोनशेच्या वर पटकथा लिहिल्या. मोठ्या स्टुडिओत हवे ते करता येईना, तेव्हा १९५० मध्ये त्यांनी स्वतःची छोटी निर्मितिसंस्था उभी केली आणि मूठभर माणसांच्या तुकडीने चित्रपट केले. टोकियो आणि पुणे यांच्यात कोणताही धागा जोडायची गरज नाही; पण लेखकाच्या हाती दिग्दर्शन आले आणि खर्च आटोक्यात ठेवला, की विषय निवडताना कुणाची परवानगी लागत नाही, हा हिशेब दोन्हीकडे सारखाच लागू पडला. फरक आहे तो संवादाचा. शिंदोंनी माणसांना गप्प केले. भाव्यांची माणसे बोलतात, पुष्कळ बोलतात.

‘मुक्ती’, ‘चकोरी’, ‘लाहा’ हे यानंतरचे लघुपट. त्यांतला १९९२ चा ‘चकोरी’ विशेष आठवणीत राहतो. नवऱ्याने टाकलेली एक तरुण बाई सायकल शिकते, एवढीच त्याची गोष्ट. त्याच सुमारास तमिळनाडूतल्या पुदुक्कोट्टै जिल्ह्यात साक्षरता मोहिमेतून हजारो बायका सायकल शिकत होत्या. सायकल आली की बाजार, दवाखाना, शाळा यांची अंतरे बदलतात आणि कुणाला विचारून जायचे हा प्रश्नही बदलतो. भाव्यांनी हे भाषणातून सांगितले नाही, पायडलवर पाय ठेवताना उडालेली तारांबळ दाखवली.

पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट ‘दोघी’ १९९५ मधला. गौरी आणि कृष्णा या दोन बहिणी. गौरीच्या लग्नाच्या दिवशीच वऱ्हाडाला अपघात होतो, नवरदेव दगावतो आणि गौरी गावाच्या लेखी अपशकुनी ठरते. घर चालेनासे झाल्यावर मामा तिला मुंबईला नेतो. तिथून येणाऱ्या पैशावर घर उभे राहते. पैसा कुठून येतो ते सगळ्यांना कळते आणि कुणी बोलत नाही. धाकटीच्या लग्नात मात्र थोरलीने दिसू नये, अशी घराची इच्छा असते. रेणुका दफ्तरदार, सोनाली कुलकर्णी, उत्तरा बावकर, सदाशिव अमरापूरकर आणि जुन्या जमान्यातले नायक सूर्यकांत यांच्या भूमिका होत्या. संगीत आनंद मोडक यांचे. चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. यातली आई खलनायिका नाही, हे पटकथेचे बळ. ती मुलीचा पैसा घेते आणि तोंड लपवते, पण तिच्यापुढे दुसरी वाट काय होती हेही प्रेक्षकाला समजते. वस्तीत बसून ज्याने शंभर आया ऐकल्या, त्यालाच अशी आई लिहिता येते.

त्यानंतर एड्सवरचा ‘जिंदगी जिंदाबाद’ हा हिंदी चित्रपट आला. २००२ मध्ये मात्र दोन महत्त्वाचे मराठी चित्रपट पाठोपाठ आले.

‘वास्तुपुरुष’ हा त्यांतला अधिक खोल. प्रतिष्ठेचा मॅगसेसे पुरस्कार मिळवलेला एक वयस्क डॉक्टर आपल्या गावच्या पडक्या वाड्यात परततो आणि त्याचे पौगंडवय त्याला आठवत जाते. स्वातंत्र्यानंतरचा काळ, कुळकायद्याने गेलेली जमीन, गांधींच्या मार्गाने चालल्यामुळे व्यवहारात मागे पडलेले वडील, वाड्यात पुरलेले धन सापडेल या आशेने खणत बसणारा काका, आणि या सगळ्यांमध्ये एकच ध्यास घेतलेली आई. मुलाने डॉक्टर व्हावे आणि गोरगरिबांची सेवा करावी, कारण या घराने पिढ्यान्‌पिढ्या खालच्या मानलेल्या माणसांवर अन्याय केला आहे आणि वास्तू त्याचे देणे लागते, असे तिला वाटते. उत्तरा बावकरांनी ही भूमिका केली. पापपुण्याची भाषा तिच्या तोंडी आहे, पण ती बोलते आहे जातीच्या अन्यायाबद्दल. सामाजिक आशय आणि पारंपरिक भाषा यांचा असा सांधा मराठी पटकथेत क्वचितच जुळला आहे.

वयस्क डॉक्टरच्या भूमिकेसाठी भाव्यांनी महेश एलकुंचवारांना निवडले, तेही अर्थपूर्ण होते. एलकुंचवार मूळचे यवतमाळ जिल्ह्यातल्या पारव्याचे, आणि ‘वाडा चिरेबंदी’ या नाटकात विदर्भातल्या देशपांड्यांचा ढासळता वाडा त्यांनी आधीच उभा केलेला. वाड्याचा नाटककार वाड्याच्याच चित्रपटात वारस म्हणून येतो. दोन वाड्यांच्या पडझडीमागचा कायदा मात्र एक नव्हता. पश्चिम महाराष्ट्रात १९४८ च्या मुंबई कुळकायद्याने आणि त्यातल्या १ एप्रिल १९५७ च्या ‘कृषक दिना’ने जमीन कसणाऱ्याकडे गेली. वर्धा, नागपूरकडे त्याआधी १९५१ मध्येच मालगुजारी (गावाचा सारा गोळा करण्याचा जमीनदारी हक्क) संपली होती आणि विदर्भासाठीचा कुळकायदा १९५८ मध्ये वेगळा झाला. त्यामुळे वर्धा जिल्ह्यातल्या कारंजा (घाडगे) किंवा आर्वीकडच्या प्रेक्षकाला ‘वास्तुपुरुष’मधला वाडा ओळखीचा वाटला, तरी त्याच्या आठवणीतला वाडा मालगुजाराचा असतो. ‘वास्तुपुरुष’ला मराठीतील उत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

त्याच वर्षीच्या दुसऱ्या चित्रपटाने, ‘दहावी फ’ने, भाव्यांना मोठा प्रेक्षक दिला. हुशार मुलांची ‘अ’ तुकडी आणि उरलेल्यांची ‘फ’ ही व्यवस्था महाराष्ट्रातल्या कोणत्याही शाळेत शिकलेल्याला समजावून सांगावी लागत नाही. अपमानाने चिडलेली ‘फ’ची मुले प्रयोगशाळेची मोडतोड करतात, एक शिक्षक त्यांना काढून टाकू देत नाही आणि नुकसान त्यांच्याच कष्टाच्या कमाईतून भरून काढायला लावतो. शिक्षक झाले होते अतुल कुलकर्णी. शेवटाकडे चित्रपट जरा भाबडा होतो, सगळे फार लवकर जुळून येते. तरीही मुलांच्या तोंडची भाषा खरी आहे, आणि मुलांची तुकड्यांत विभागणी करण्यावर मराठीत इतक्या सरळपणे बोलणारा दुसरा चित्रपट सापडणे कठीण.

२००४ च्या ‘देवराई’पासून मनाचे आजार हा विषय भाव्यांच्या कामात ठाण मांडून बसला. अतुल कुलकर्णी यांनी साकारलेला शेष स्किझोफ्रेनियाने ग्रासलेला आहे. गावची देवराई वाचवण्याचा त्याचा ध्यास आणि त्याचा भ्रम एकमेकांत इतके मिसळले आहेत, की कुठे एक संपतो आणि दुसरा सुरू होतो ते घरच्यांना कळेनासे होते. देवाच्या नावाने राखलेले, कुऱ्हाड न लागलेले रान आणि माणसाच्या मनातले रान अशी ही जोडणी आहे. चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो पर्यावरण रक्षणाच्या विषयासाठी. डॉक्टरच्या भूमिकेत मोहन आगाशे होते. आगाशे स्वतः मनोविकारतज्ज्ञ. पुढे ते भाव्यांचे नट तर राहिलेच, निर्मातेही झाले. मनाच्या आजारांवरचे चित्रपट दाखवून झाल्यावर प्रेक्षकांशी आजाराबद्दल बोलायचे, ही आगाशेंची पद्धत होती.

मधल्या वर्षांत कामाचा वेग वाढला. ‘बाधा’ आणि अंगावरच्या पांढऱ्या डागांमुळे लग्न अडणाऱ्या मुलीवरचा ‘नितळ’ हे २००६ मधले. ‘नितळ’मध्ये विषय कथेच्या पुढे चालतो, संस्थेसाठी केलेल्या प्रबोधनपटाचा वास त्याला अधूनमधून येतो. २००९ मधला ‘एक कप च्या’ त्या मानाने हसतखेळत पुढे जातो. कोकणातल्या एका एस. टी. कंडक्टरला विजेचे अवाच्या सवा बिल येते, कार्यालयातून ‘चहापाण्या’ची अपेक्षा सूचित होते आणि तो माहितीच्या अधिकाराचा अर्ज करायला शिकतो. २००५ चा तो कायदा तेव्हा नवा होता. अर्ज कुठे द्यायचा, शुल्क किती, उत्तर न आल्यास अपील कसे करायचे, हे सगळे कथेतच येते. किशोर कदमांचा कंडक्टर इतका चाचरत चाचरत धीट होतो, की माहिती मिळत असल्याचे प्रेक्षकाच्या लक्षातही येत नाही. त्याच वर्षीच्या ‘घो मला असला हवा’मध्ये राधिका आपटे होत्या. अण्णा हजारे यांच्या आंदोलनाची पार्श्वभूमी असलेला ‘हा भारत माझा’ २०१२ मध्ये आला.

२०१३ चा ‘संहिता’ हा पटकथा या गोष्टीबद्दलचाच चित्रपट. राजा, राणी आणि दरबारातली गायिका यांच्या एका जुन्या कथेवर पटकथा लिहायला एक दिग्दर्शिका बसते. कथा वाचणारी प्रत्येक बाई ती आपल्या आयुष्यातून वाचते, आणि शेवट कसा असावा याचे प्रत्येकीचे उत्तर वेगळे असते. ‘स्त्रीवाणी’त एकच प्रश्न अनेक बायकांना विचारल्यावर जे घडत असणार, तेच इथे एका कथेभोवती घडते. या चित्रपटाच्या गाण्यांसाठी शैलेंद्र बर्वे यांना संगीताचा आणि आरती अंकलीकर-टिकेकर यांना पार्श्वगायनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

भाव्यांना स्वतःला लेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवून देणारा चित्रपट ‘अस्तु’. पुरस्कार संवादांसाठी होता, आणि गंमत अशी की चित्रपट आहे भाषा हरवत चाललेल्या माणसाचा. चक्रपाणी शास्त्री हे संस्कृतचे नामवंत पंडित स्मृतिभ्रंशाने हळूहळू पुसले जात आहेत. मुलगी खरेदीसाठी थोडा वेळ गाडीतून उतरते, तेवढ्यात रस्त्यावरून जाणारा हत्ती पाहून ते लहान मुलासारखे त्याच्या मागे चालू लागतात. हत्तीवर पोट असलेल्या गरीब जोडप्याकडे ते दिवसभर राहतात. माहुताची बायको चन्नम्मा त्यांना खाऊ घालते, सांभाळते, आणि ते तिला आई म्हणू लागतात. मुलगी शहरभर शोधत असते, आणि शोधता शोधता वडिलांशी असलेले जुने हिशेब तिला आठवत असतात. शास्त्रींच्या तोंडी पाठांतरातले संस्कृत उरते, पण रोजचा शब्द आठवत नाही. चन्नम्माची भाषा कानडी वळणाची आणि तोडकी, पण तिला काय म्हणायचे ते नेमके कळते. दोघांमध्ये संवाद होतो तो शब्दांच्या अर्थाविना. हे कागदावर लिहून काढणे सोपे नव्हे. आगाशे, इरावती हर्षे आणि अमृता सुभाष यांच्या भूमिका होत्या. अमृता सुभाष यांना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. इतके होऊनही ‘अस्तु’ थिएटरात लागायला २०१६ उजाडले, आणि त्यासाठीचा पैसा लोकवर्गणीतून उभा करावा लागला.

वितरण हे या जोडीचे कायमचे दुखणे होते. मोठी शहरे वगळता त्यांचे चित्रपट पोहोचले ते फिल्म सोसायट्या, महोत्सव, दूरदर्शन आणि संस्थांनी ठेवलेल्या खेळांतून. तालुक्याच्या गावात पडद्यावर काय लागायचे हे वितरक ठरवतो, आणि नैराश्यावरचा चित्रपट तो सहसा निवडत नाही.

नेमका नैराश्यावरचाच ‘कासव’ २०१६ सालच्या सर्वोत्कृष्ट भारतीय चित्रपटाच्या सुवर्णकमळाचा मानकरी ठरला. घोषणा २०१७ च्या एप्रिलमध्ये झाली आणि चित्रपट त्याच वर्षी ऑक्टोबरात प्रदर्शित झाला. ‘श्यामची आई’, ‘श्वास’, ‘देऊळ’ आणि ‘कोर्ट’ यांच्यानंतर हा मान मिळवणारा तो पाचवा मराठी चित्रपट. स्वतः नैराश्यातून सावरत असलेल्या जानकीला आत्महत्येच्या कड्यावरून परतलेला एक अनोळखी मुलगा भेटतो. ती त्याला कोकणच्या किनाऱ्यावरच्या घरी नेते. तिथे कासवांच्या अंड्यांची राखण चालू असते. कासवीण वाळूत अंडी घालून समुद्रात परत जाते, पिल्ले आपली वाट आपण शोधतात. माणसाने एवढेच करायचे, की घरटे राखायचे आणि वेळ आली की दूर उभे राहायचे. जानकी मुलाला प्रश्न विचारत नाही. नाव, गाव, कारण काहीही न विचारता त्याला राहू देते. आयुष्यभर मुलाखती घेतलेल्या लेखिकेने प्रश्न न विचारणारी नायिका लिहावी, हा त्यांच्या कामातला सर्वांत प्रगल्भ टप्पा म्हणता येईल.

२०१९ मध्ये ‘वेलकम होम’ आला. त्यानंतरचा ‘दिठी’ भाव्यांनी एकट्याने दिग्दर्शित केला. मुळात कथा दि. बा. मोकाशी यांची, ‘आता आमोद सुनासि आले’. पुरात तरुण मुलगा गेलेला रामजी लोहार हा वारीला जाणारा माणूस, पण शोकापुढे त्याची श्रद्धा गोठून जाते. बाहेर पाऊस कोसळत असतो, गावकरी पोथी ऐकत बसलेले असतात, आणि अडलेल्या गाईला सोडवायला त्याला हाक येते. किशोर कदम, दिलीप प्रभावळकर, मोहन आगाशे, गिरीश कुलकर्णी, अमृता सुभाष, शशांक शेंडे असा संच त्यात आहे. एरवी संवादांवर भरवसा ठेवणाऱ्या भाव्यांनी इथे पावसाच्या आवाजाला आणि मौनाला पुष्कळ जागा सोडली आहे.

सुमित्रा भावे यांचे १९ एप्रिल २०२१ रोजी पुण्यात, वयाच्या ७८ व्या वर्षी निधन झाले. ‘दिठी’ त्यानंतर महिनाभराने, २१ मे रोजी, ओटीटीवर प्रदर्शित झाला. त्यांनी लिहून ठेवलेल्या ‘आउटहाउस’ या हिंदी पटकथेवर सुकथनकरांनी चित्रपट केला. शर्मिला टागोर आणि मोहन आगाशे यांच्या भूमिका असलेला, हरवलेल्या कुत्र्याच्या शोधात एकत्र आलेल्या दोन वृद्धांची गोष्ट सांगणारा हा चित्रपट डिसेंबर २०२४ मध्ये पडद्यावर आला.